सोय हवी की खासगीपणा? हा तराजूच खोटा आहे

कुठल्या तरी मोठ्या कंपनीतून लाखो लोकांची माहिती फुटली की पुढचे दोन-चार दिवस एक ठरावीक वाद रंगतो. एक बाजू विचारते, "एवढं लपवण्यासारखं आहे तरी काय तुमच्याकडे?" दुसरी म्हणते, "मग वापरूच नका ना हे सगळं!" मग कुणीतरी समंजसपणाचा आव आणून मधला मार्ग सांगतो: सोय हवी असेल तर थोडा खासगीपणा सोडावा लागणारच, किती सोडायचा ते ज्याने त्याने ठरवावं. सगळे माना डोलावतात, वाद मिटतो आणि पुढची माहिती फुटेपर्यंत लोक पुन्हा आपापल्या फोनमध्ये डोकं घालतात. या तिघांत मला सगळ्यात खटकतो तो तिसरा. पहिले दोघे टोकाचं बोलताहेत हे निदान ऐकणाऱ्याला कळतं. तिसरा जे गृहीत धरून बोलतो, ते मात्र कुणी तपासूनही पाहत नाही.

त्याचं गृहीतक असं की एका पारड्यात सोय आहे, दुसऱ्यात खासगीपणा, आणि एक वर गेलं की दुसरं खाली येणारच. माझं म्हणणं असं की हा तराजूच खोटा आहे, आणि तो दोन ठिकाणी खोटा आहे. सोय देण्यासाठी जेवढी माहिती लागते आणि सोयीच्या निमित्ताने जेवढी गोळा केली जाते, या दोन फार वेगळ्या गोष्टी आहेत. सोयीची किंमत म्हणून आपल्याकडून जे घेतलं जातं त्यातल्या बऱ्याचशा भागाचा सोयीशी काही संबंध नसतो. ही झाली पहिली खोट. दुसरी त्याहून मोठी आहे. मी देतो ती माहिती एकट्या माझी नसते, त्यामुळे "ज्याने त्याने ठरवावं" हा न्याय, जो कपडे, छंद किंवा श्रद्धा यांच्या बाबतीत अगदी योग्य आहे, तो इथे लावताच येत नाही.

पहिल्या खोटेचं माझं आवडतं उदाहरण अगदी क्षुल्लक आहे, आणि म्हणूनच ते आवडतं. फोनमध्ये टॉर्च म्हणून वापरायचं 'ब्राइटेस्ट फ्लॅशलाइट' नावाचं एक अ‍ॅप होतं. ते कोट्यवधी वेळा डाउनलोड झालं होतं. त्याचं काम एकच: फोनचा दिवा लावणं. ग्राहकांच्या हिताचं रक्षण करणाऱ्या अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने त्याच्यावर कारवाई केली तेव्हा, २०१३ साली, उघड झालं ते असं की हे अ‍ॅप वापरणाऱ्याचा ठावठिकाणा आणि फोनची ओळख जाहिरातीच्या जाळ्यांपर्यंत पोचवत होतं. अटी मान्य आहेत की नाहीत असा प्रश्न ते विचारायचं खरं, पण वापरणारा उत्तर देण्याआधीच माहिती निघून गेलेली असायची. आता सांगा, अंधारात उजेड पडावा म्हणून तुम्ही कुठे उभे आहात हे कुणाला कळायची काय गरज आहे? इथे सोय आणि खासगीपणा यांच्यात तडजोड झाली असं म्हणायचं तर त्या तडजोडीत सोयीच्या पारड्यात नेमकं काय पडलं? काहीच नाही. दिवा तसाही लागलाच असता.

कुणी म्हणेल, हा भुरट्यांचा प्रकार झाला, सभ्य सेवांचं बोला. बोलू. रस्ता दाखवणाऱ्या नकाशाला मी आत्ता कुठे आहे हे कळायलाच हवं, यात वाद नाही. पण मी गेल्या वर्षी कुठल्या दवाखान्यात, कुठल्या मोर्चात आणि कुणाच्या घरी गेलो होतो याची नोंद त्या नकाशाला आज मला डावीकडे वळवण्यासाठी लागत नाही. सोय त्या क्षणापुरती असते, नोंद मात्र वर्षानुवर्षं राहते. कुकीचंही, म्हणजे संकेतस्थळ तुमच्या ब्राउझरमध्ये ठेवतं त्या छोट्याशा नोंदीचंही, असंच झालं. १९९४ मध्ये नेटस्केप कंपनीत लू मोंटुली यांनी ती घडवली तेव्हा हेतू साधा होता: खरेदी करताना एका पानावरून दुसऱ्या पानावर गेलं तरी संकेतस्थळाला तुमची पिशवी लक्षात राहावी. सोय खरी होती आणि त्यासाठी लागणारी माहिती अगदी थोडी. मग जाहिरातवाल्यांच्या लक्षात आलं की आपली कुकी हजारो वेगवेगळ्या संकेतस्थळांवर ठेवली तर एकच माणूस दिवसभर कुठेकुठे फिरतो ते दिसतं. पिशवी लक्षात ठेवण्यासाठी केलेली युक्ती पाळत ठेवण्याचं साधन झाली. आणि आज आपल्याला तोंड वर करून सांगितलं जातं की पाळत नको असेल तर सोय सोडा!

मागे वळून पाहिलं तर हा तराजू आणखीच विचित्र वाटतो, कारण संपर्काच्या इतिहासात सोय आणि खासगीपणा बऱ्याचदा हातात हात घालून आलेले दिसतात. अ‍ॅल्मन स्ट्राउजर हा अमेरिकेतला अंत्यविधीची व्यवस्था करणारा व्यावसायिक. त्या काळी फोन लावायचा तर मधल्या ऑपरेटरला सांगावं लागे, ती तार जोडून देई, आणि मनात आणलं तर ऐकतही राही. आपल्याकडे येणारे फोन ऑपरेटर प्रतिस्पर्ध्याकडे वळवते असा स्ट्राउजरला संशय आला, अशी कथा सांगतात. कथेत तिखट-मीठ किती हे सोडून देऊ. पण त्याला १८९१ मध्ये स्वयंचलित एक्स्चेंजचं पेटंट मिळालं आणि पुढच्या वर्षी इंडियाना राज्यातल्या ला पोर्ट या गावात तसं पहिलं एक्स्चेंज सुरू झालं, हे खरं. मधला माणूस गेला. फोन लवकर लागू लागला आणि कान देऊन ऐकणाराही उरला नाही. एकाच यंत्राने सोय वाढवली, खासगीपणाही वाढवला. आजच्या कित्येक सेवांनी नेमकं उलट केलंय: स्ट्राउजरने हाकललेला तो मधला ऐकणारा त्यांनी परत आणून बसवला आणि वर त्यालाच सोय म्हटलं.

त्याहून बोलकं उदाहरण टपालाचं आहे. ब्रिटनमध्ये १८४० साली पेनी पोस्ट सुरू झालं आणि सामान्य माणसालाही पत्र पाठवणं परवडू लागलं. त्या काळातली ही प्रचंड सोय होती. चारच वर्षांनी उघडकीला आलं की गृहमंत्री सर जेम्स ग्रॅहम यांच्या हुकमाने लंडनमध्ये राहणाऱ्या इटालियन क्रांतिकारक मॅझिनीची पत्रं टपालखातं फोडून वाचत होतं. मॅझिनीला आधीच शंका होती. पत्र मध्येच कुणी उघडलं तर कळावं म्हणून पाकिटात खसखस, वाळूचे कण, केस असलं काहीबाही घालून त्याने ती पडताळून पाहिली होती. संसदेत गदारोळ झाला, वर्तमानपत्रांनी सरकारला धारेवर धरलं, ग्रॅहम यांची टिंगलटवाळी झाली. सरकारने बचावात सुरक्षिततेचा मुद्दा आणला, जुन्या प्रथेचा आणला, कायद्याने मिळालेल्या अधिकाराचा आणला. पण "एका पेनीत पत्र पोचवतोय, मग थोडं वाचलं तर बिघडलं कुठे?" असा युक्तिवाद त्या गदारोळात टिकला असता का? टपाल स्वस्त होणं ही एक गोष्ट आणि पाकीट बंद राहणं ही दुसरी, हे १८४४ च्या लोकांना कुणी समजावून सांगावं लागलं नाही. आपल्याला मात्र लागतंय.

आजही दोन्ही एकत्र जमतं, याचे पुरावे समोर आहेत. २०१६ च्या एप्रिलमध्ये व्हॉट्सअ‍ॅपने सगळ्या संदेशांना एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत कुलूप लावलं. तेव्हाच त्याचे वापरकर्ते शंभर कोटींच्या पुढे होते. संदेश पाठवणं त्या दिवशी तिळभरही कठीण झालं नाही. कित्येकांना काही बदललंय याचा पत्ताही लागला नाही. (कोण कुणाशी कधी बोलतं ही माहिती त्या कुलपाबाहेर राहते, ही त्यातली पळवाट मी विसरलेलो नाही.) त्याच वर्षी सिग्नल या सेवेकडे अमेरिकेतल्या एका चौकशीत वापरकर्त्यांची माहिती मागितली गेली. सिग्नलला देता आलं ते इतकंच: खातं कधी उघडलं आणि शेवटची जोडणी कधी झाली. बाकी काही लपवून ठेवलं होतं असं नाही. मुळात साठवलेलंच नव्हतं. संदेश पोचवण्याची सोय तीच, आणि तिजोरीत मात्र जवळपास काही नाही.

आता विरोधी बाजूचे मुद्दे. त्यातले काही खरोखर वजनदार आहेत आणि खासगीपणाचे कैवारी त्यांना उडवून लावतात तेव्हा मलाच अवघडल्यासारखं होतं.

एक तर सोय म्हणजे चैन नव्हे. ज्याला दिसत नाही त्याच्यासाठी समोरची पाटी वाचून दाखवणारा फोन ही आळशी माणसाची गंमत नाही. तो त्याचं स्वातंत्र्य आहे. घराबाहेर पडता येत नाही त्या म्हाताऱ्या माणसाला औषध घरपोच मिळणं, ऐकू येत नाही त्याला समोरच्याचं बोलणं पडद्यावर उमटताना दिसणं, अनोळखी शहरात रात्री एकट्या बाईला नेमका रस्ता कळणं, या गोष्टींना 'सोयीची हाव' म्हणणारा माणूस बहुधा धडधाकट असतो आणि स्वतःच्या कोषात सुखी असतो. फोन फेकून द्या हा सल्ला देणाऱ्याला तो परवडतो, म्हणून तो देतो. पण यातून सिद्ध काय होतं? सोय किती मोलाची आहे, एवढंच. ती मिळवण्यासाठी पाटी वाचून घेणाऱ्याचा दिवसभराचा प्रवास जाहिरातदाराला विकावाच लागतो, हे यातून सिद्ध होत नाही. उलट ज्याला त्या सेवेवाचून गत्यंतर नाही त्याच्याकडून 'संमती' घेणं म्हणजे अडल्यानडल्याची सही घेणं.

मग पैशाचा मुद्दा येतो: सेवा फुकट आहेत, जाहिरातीवर चालतात, पाळत नसेल तर जाहिरात चालणार नाही, म्हणजे फुकट सेवाही बंद. हा मुद्दा वाटतो तेवढा भक्कम नाही. वाचणाऱ्याचा माग न काढता, तो वाचतोय त्या मजकुराला शोभेल अशी जाहिरात लावता येते. छापील मासिकांनी दुसरं काय केलं? नेदरलँड्समधल्या सार्वजनिक प्रसारण संस्थेच्या जाहिराती पाहणाऱ्या विभागाने २०२० च्या सुरुवातीला माग काढणाऱ्या कुकीज सोडून दिल्या आणि मजकुरावर आधारित जाहिराती सुरू केल्या. उत्पन्न कोसळेल अशी भीती घालणारे होतेच. ते त्या सुरुवातीच्या महिन्यांत आदल्या वर्षीपेक्षा वाढलं. एका संस्थेच्या अनुभवावरून सगळ्या जगाचा निकाल लावता येत नाही, हे मान्य. पण "याला पर्यायच नाही" हे म्हणणं खोडायला एक अनुभवही पुरतो.

सगळ्यात जास्त ऐकू येणारा युक्तिवाद असा: लोकांना खासगीपणाची फिकीर नाहीच. विचारलं तर सगळे म्हणतात काळजी वाटते, पण बटण समोर आलं की 'मान्य आहे' दाबून मोकळे होतात. माणूस बोलतो काय यापेक्षा करतो काय ते पाहा, असं अर्थशास्त्राच्या थाटात सांगितलं जातं. पण करतो काय ते पाहायचं तर कशा परिस्थितीत करतो तेही पाहायला नको का? कार्नेगी मेलन विद्यापीठातल्या दोन संशोधकांनी २००८ मध्ये हिशेब मांडला होता: वर्षभरात आपण ज्या संकेतस्थळांवर जातो त्या सगळ्यांची खासगीपणाची धोरणं नुसती एकदा वाचायची म्हटली तरी माणशी वर्षाला दोनशेहून जास्त तास लागतील. समजून घेण्याचे नाहीत, नुसते वाचण्याचे. हे स्मार्टफोन घरोघरी पोचण्याआधीचं गणित. अशा कागदाखाली केलेल्या सहीला कुठलं न्यायालय मोकळ्या मनाने दिलेली संमती म्हणेल?

आणि परिस्थिती बदलली की वागणं बदलतं, हेही आपण पाहिलंय. २०२१ च्या एप्रिलमध्ये अ‍ॅपलने आयफोनवर एक छोटा बदल केला. इतर अ‍ॅप्समधला आणि संकेतस्थळांवरचा तुमचा वावर टिपायचा असेल तर अ‍ॅपने आधी स्पष्ट विचारायचं, आणि 'नको' म्हणण्याचं बटण 'हो' च्या इतकंच ठळक असायचं. बाकी माणसं तीच, फोन तेच. पुढच्या वर्षी फेसबुकची मालक कंपनी मेटाने आपल्या गुंतवणूकदारांना सांगितलं की या बदलामुळे २०२२ मध्ये आपलं सुमारे एक हजार कोटी डॉलरचं उत्पन्न बुडेल. ज्यांना फिकीरच नव्हती त्या लोकांनी हे केलं? अ‍ॅपल काही धर्मादाय संस्था नाही, तिचे स्वतःचे धंद्याचे हिशेब त्यात होतेच. पण लोकांना साधा, सरळ, एका ओळीचा प्रश्न विचारला की ते काय उत्तर देतात, ते त्या आकड्यात दिसतं. 'लोक बेफिकीर आहेत' हा निष्कर्ष ज्या बटणांवरून काढला जातो, ती बटणं बेफिकिरी यावी अशाच बेताने आखलेली असतात.

तरीही समजा, मला सगळं कळलं, मी दोनशे तास खर्चून वाचलं, विचार केला आणि म्हटलं, द्या टाकून, माझी माहिती, माझा निर्णय. इथे तराजूची दुसरी खोट समोर येते. फेसबुकवरची एक व्यक्तिमत्त्व चाचणी सुमारे २ लाख ७० हजार लोकांनी स्वतःहून घेतली होती. त्यातून राजकीय प्रचारासाठी लोकांची माहिती चाळणाऱ्या केंब्रिज अ‍ॅनालिटिकाच्या हाती ज्यांची माहिती गेली असावी त्यांची संख्या, २०१८ मध्ये फेसबुकनेच दिलेल्या अंदाजानुसार, ८ कोटी ७० लाखांपर्यंत होती. चाचणी देणाऱ्यांच्या मित्रयादीत असणं, हा या उरलेल्यांचा गुन्हा. २०२३ मध्ये '२३अँडमी' या जनुकीय चाचणी करणाऱ्या कंपनीत चोरांनी थेट फोडली ती जेमतेम चौदा हजार खाती. पण एकमेकांचे नातेवाईक शोधून देण्याच्या सोयीमुळे ६९ लाख लोकांची माहिती त्यांच्या हाती लागली. त्याआधी २०१८ मध्ये कॅलिफोर्निया पोलिसांनी अनेक वर्षं न सापडलेला एक खुनी शोधला, तो एका खुल्या वंशावळीच्या संग्रहात त्याच्या दूरच्या नातलगांची जनुकं होती म्हणून. त्याने स्वतः कधी चाचणी केली नव्हती. खुनी पकडला गेला याचा मला आनंदच आहे. पण त्या घटनेने जे सिद्ध केलं ते खुन्यांपुरतं नाही: तुमच्या तिसऱ्या-चौथ्या पिढीतल्या, तुम्ही कधी तोंडही न पाहिलेल्या भावंडाने हौसेने चाचणी केली की तुमची ओळख पटू शकते. तुमच्या नकाराला काही अर्थ राहत नाही.

ज्या व्यवहाराचा परिणाम सही न करणाऱ्यांवर होतो, तो खासगी व्यवहार नसतो. इमारत किती भक्कम बांधायची हे आपण घरमालकाच्या मर्जीवर सोडत नाही, कारण ती कोसळते तेव्हा शेजाऱ्यावर कोसळते. माहितीच्या बाबतीत मात्र आपण अजून 'माझं घर, माझी मर्जी' च्या पुढे सरकलेलो नाही.

'लपवण्यासारखं काय आहे' या प्रश्नाला नेहमीचं उत्तर असतं, "मग तुमचा पासवर्ड द्या बरं." टाळी मिळते, पण हे उत्तर वरवरचं आहे. खरी गोष्ट अशी की लपवण्यासारखं काय आहे ते तुम्ही ठरवतच नाही. ते पुढे कधीतरी, दुसरंच कुणीतरी ठरवतं. मासिक पाळीची नोंद ठेवणारं 'फ्लो' हे अ‍ॅप जगभरातल्या कोट्यवधी बायका वापरत होत्या. माहिती खासगी राहील असं आश्वासन देऊनही ती फेसबुक, गूगल अशा कंपन्यांपर्यंत पोचवल्याच्या आरोपावरून २०२१ च्या जानेवारीत फेडरल ट्रेड कमिशनने त्या कंपनीशी समझोता केला. तेव्हा फार लोकांनी लक्ष दिलं नाही. पाळीच्या तारखा कुणाला कळल्या तर काय मोठं! पुढच्याच वर्षी, २४ जून २०२२ ला, अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने गर्भपाताचा घटनात्मक हक्क काढून घेतला आणि अनेक राज्यांत गर्भपात गुन्हा ठरला. त्याच तारखा, तीच नोंद. बाईने काहीही केलं नव्हतं, तरी एका सकाळी त्या नोंदीचा अर्थ बदलला.

नेदरलँड्सचं उदाहरण यात नेहमी दिलं जातं. वारंवार दिल्याने ते गुळगुळीत झालंय, पण खोटं झालेलं नाही. त्या देशाची लोकसंख्या नोंदवही युरोपातल्या सर्वांत चोख नोंदवह्यांपैकी एक होती आणि तिच्यात धर्माचा रकाना होता. हेतू कल्याणकारी कारभाराचा. मग १९४० मध्ये नाझी आले आणि रकाना आयता हाती लागला. तिथल्या सुमारे तीन चतुर्थांश ज्यूंची हत्या झाली, हे प्रमाण पश्चिम युरोपात सर्वांत जास्त. एका नोंदवहीने हे सगळं घडलं असं म्हणणं अतिरेक होईल, इतर कारणंही होती. पण २७ मार्च १९४३ च्या रात्री चित्रकार विलेम अरोंडेउस, शिल्पकार गेरित फान देर व्हेन आणि त्यांचे साथीदार पोलिसांच्या वेशात ॲमस्टरडॅमच्या नोंदणी कार्यालयात घुसले आणि त्यांनी ते पेटवलं, तेव्हा जिवावर उदार होऊन जाळण्यासारखी वस्तू कोणती हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. थोड्याच नोंदी जळाल्या. कटात सामील असलेल्या बारा जणांना गोळ्या घातल्या गेल्या, त्यात अरोंडेउसही होता.

ही हुकूमशाहीची गोष्ट झाली, लोकशाहीत असं होत नाही, असं म्हणणाऱ्याने त्याच वर्षांतली अमेरिका पाहावी. १९४० च्या जनगणनेतली माहिती गुप्त राहील असं कायदा सांगत होता. १९४२ मध्ये युद्धकाळासाठी म्हणून ते बंधन कायदा करूनच सैल केलं गेलं. जपानी वंशाची माणसं कुठल्या वस्तीत किती राहतात याची माहिती लष्कराला मिळाली, आणि सुमारे १ लाख २० हजार माणसं छावण्यांत गेली. लोकशाही होती, कायदा होता, आश्वासन होतं. आणि नोंदही होती.

जर्मनीच्या घटनात्मक न्यायालयाला हा इतिहास परका नव्हता. १९८३ मध्ये जनगणनेच्या खटल्यात त्याने सांगितलेली गोष्ट मला या सगळ्या वादातली सर्वांत महत्त्वाची वाटते. आपलं वेगळं वागणं कुठे तरी नोंदलं जातंय का याची ज्याला खात्री नसते, तो वेगळं वागणंच टाळू लागतो. आणि यात नुकसान त्या एकट्याचं नसून लोकशाहीचं असतं, कारण ती नागरिकांच्या मोकळ्या सहभागावर चालते. भारताच्या सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांनी २०१७ मध्ये एकमताने खासगीपणाला मूलभूत हक्क ठरवलं त्यामागेही माणसाची प्रतिष्ठा आणि स्वातंत्र्य यांचाच विचार होता. सोय किती वाचली आणि किती गेली याचा हिशेब नव्हे.

एक आक्षेप मात्र मला खरोखर अडवतो, आणि तो कंपन्यांकडून आलेला नाही. स्त्रीवादी चळवळीने फार पूर्वी दाखवून दिलं की 'घरातली बाब' या नावाखाली शतकानुशतकं मारहाण झाकली गेली. खासगीपणाची भिंत जितकी उंच, तितकी आतल्या दुबळ्याची किंकाळी बाहेर कमी ऐकू येते. खासगीपणाच्या हक्काची आधुनिक मांडणी ज्या लेखापासून सुरू झाली असं मानतात, तो वॉरन आणि ब्रँडाइस या दोन अमेरिकन वकिलांचा १८९० चा लेखही मुख्यतः वर्तमानपत्रांच्या चहाटळपणाने आणि झटपट फोटोंनी वैतागलेल्या प्रतिष्ठितांची कैफियत होता, हे कबूल केलेलं बरं. म्हणजे खासगीपणा हे सरसकट पवित्र मूल्य नाही. कुणाचा खासगीपणा, कुणापासून, हे विचारल्याशिवाय त्याला अर्थ नाही. पण हाच प्रश्न आजच्या व्यवस्थेला विचारून पाहा. पाहणाऱ्या कंपनीचं गणित व्यापारी गुपित म्हणून बंद, सरकारी यंत्रणेचं काम सुरक्षिततेच्या नावाखाली बंद, आणि ज्याला कर्ज हवं, नोकरी हवी, मदत हवी त्याचं आयुष्य उघडं. भिंत आहेच, फक्त ती बलवानाभोवती आहे. जुन्या खेड्यात कुठे खासगीपणा होता, असंही म्हणतात. नव्हताच. पण तिथे बघणाराही दिसत असे, त्याच्याबद्दलही चार गोष्टी आपल्याला ठाऊक असत, आणि गाव विसरतही असे.

सार्वजनिक हिताचा मुद्दा उरला: साथ आली तर? २०२० मध्ये ती आलीच, आणि तिने याचं उत्तरही दिलं. बाधित माणसाच्या संपर्कात कोण आलं ते शोधण्यासाठी अ‍ॅपल आणि गूगलने मिळून जी रचना केली, तिच्यात फोन एकमेकांशी ब्लूटूथवरून बदलते सांकेतिक आकडे देवाणघेवाण करत, संपर्काची नोंद ज्याच्या त्याच्या फोनमध्येच राही, कुठल्याही मध्यवर्ती ठिकाणी कोण कुणाला भेटलं याची यादी तयार होत नसे. सिंगापूर सरकारने 'ट्रेसटुगेदर' या आपल्या अ‍ॅपमध्ये दुसरा मार्ग घेतला आणि लोकांना सांगितलं की ही माहिती फक्त साथीसाठीच वापरली जाईल. २०२१ च्या जानेवारीत सरकारनेच संसदेत मान्य केलं की गुन्ह्याच्या तपासासाठी पोलीसही ती मागू शकतात. टीका झाल्यावर घाईने कायदा करून गंभीर गुन्ह्यांपुरती मर्यादा घातली गेली. सरकार दुष्ट होतं असं नाही. फोनमधल्या सांकेतिक नोंदी उलगडून कोण कुणाला भेटलं हे सरकारला कळू शकत होतं, म्हणून ती माहिती मागता आली. या अ‍ॅप्सचा साथ रोखायला किती उपयोग झाला हा वेगळा वाद आहे. पण काम तेच ठेवून माहितीची साठवण टाळता येते, एवढं त्या घाईगर्दीतही दिसलं.

मग अशी सोय उरते की जी माहिती दिल्याशिवाय खरोखरच मिळत नाही. आजार ओळखणारी सेवा, खर्च पाहून सल्ला देणारी सेवा, आणि आता माणसासारखं बोलणारे सहायक, ज्यांना लोक मित्रालाही सांगणार नाहीत अशा गोष्टी सांगू लागलेत. इथे माझा 'माहिती लागतच नाही' हा युक्तिवाद चालत नाही, कारण ती लागते. पण ही अडचण नवी नाही. डॉक्टरला सगळं सांगितल्याशिवाय उपचार होत नाहीत, वकिलाला सगळं सांगितल्याशिवाय बचाव होत नाही. त्यावर समाजाने "मग डॉक्टरकडे जाऊ नका" असंही म्हटलं नाही आणि "सांगितलंत ना, आता तो विकेल" असंही म्हटलं नाही. ऐकणाऱ्यावर कर्तव्य घातलं. रुग्णाचं गुपित राखण्याची शपथ हिपोक्रेटिसच्या नावाने दोन हजारांहून जास्त वर्षं चालत आलेली आहे आणि नंतर तिला कायद्याचं बळही मिळालं. रुग्णाने कुठे 'मान्य आहे' म्हटलं म्हणून ते कर्तव्य संपत नाही. डॉक्टरने दवाखाना बंद केला तरीही संपत नाही.

हेच कर्तव्य अशा सेवा देणाऱ्या कंपन्यांवरही घालावं म्हटलं तर त्यांना ते जाचक वाटतं. धंदा चालणार नाही, म्हणतात. '२३अँडमी' चा धंदा या कर्तव्याशिवायही चालला नाही. मार्च २०२५ मध्ये तिने दिवाळखोरीचा अर्ज केला, आणि दीड कोटी लोकांची जनुकीय माहिती विक्रीला निघणाऱ्या मालमत्तेत मोडली. अनेक राज्यांच्या महाधिवक्त्यांनी लोकांना आपली नोंद पुसून टाकायला सांगितलं. शेवटी कंपनीच्या संस्थापिकेच्याच ना-नफा संस्थेने ती तीस कोटी डॉलरहून जास्त किमतीला घेतली आणि जुनं खासगीपणाचं धोरण पाळण्याचं आश्वासन दिलं. पाळलं जाईलही. पण दुसराच कुणी जास्त बोली लावून गेला असता तर? शिवाय नोंद पुसण्याचा पर्याय ग्राहकांना होता. त्यांच्या भावाबहिणींना आणि मुलांना, ज्यांची सुमारे अर्धी जनुकं त्याच नोंदीत आहेत, तसा पर्याय कुणी दिलेला नव्हता. त्यांचं खातंच नव्हतं.